रविवारची मंडळी

रविवारी सकाळी साडेसातच्या सुमाराला आमच्या वाड्याच्या दाराशी आधी बुटांचे आवाज येतात आणि पाठोपाठ कुणाचं तरी ‘आई गं!’ ऐकू येतं. मंडळी आली, असं मी घरात सांगते. कसबा पेठेतल्या आमच्या वाड्याचा मोठा दरवाजा वर्षानुवर्षं उघडलेला नाही. त्याच्या एका फळीत बसवलेल्या दिंडीतून सगळी ये-जा. ही दिंडी जेमतेम पावणेपाच फूट उंच. पुढे चालणारी मुलगी, म्हणजे मंडळींची गाइड, दर वेळी मागे वळून बजावते, "उंबरठा उंच आहे, पाय जपा." लोक पाय जपतात आणि कपाळ चौकटीवर आपटतं.

मी तोवर चहाचा कप घेऊन माडीवरच्या खिडकीशी उभी असते. पंधरा-वीस जण चौकात येतात, पाठीवरच्या पिशव्या सावरतात, आवाज आपोआप खाली आणतात. देवळात शिरल्यावर माणसं बोलतात तसे. "आता सगळ्यांनी वर बघा," ती मुलगी म्हणते आणि सगळ्या माना एकदम मागे जातात. मला हे वरून बघायला फार आवडतं. चौकाच्या चार कडांमध्ये आभाळाचा चौकोन असतो, आणि खाली तेवढ्याच चौकोनात हे वर वळलेले चेहरे. त्या घटकेला त्यांच्यात कुणी मोठं नसतं, कुणी लहान नसतं.

याला सगळे हेरिटेज वॉक म्हणतात. माडीवरच्या काकू होत्या तोवर त्या म्हणायच्या, "आले गं वाडा बघायला." जणू स्थळ आलं आहे, पोहे टाकायचे आहेत. आपल्याकडे ‘बघायला येणं’ हे मुलीच्या बाबतीत बोलायचं, आणि जिला बघायला यायचे तिला त्या शब्दाचा अर्थ नीट कळलेला असायचा. वाड्याला तो कळत असेल का, असा प्रश्न माझ्या मनात पहिल्यांदा काकूंमुळे आला.

ती मुलगी सांगते ते आता माझं पाठ झालं आहे. वास्तुशास्त्राच्या शेवटच्या वर्षाला आहे ती. सांगते छान, घाई न करता. खाली काळ्या दगडाचं जोतं, त्यावर सागवानी खांबांचा सांगाडा, खांबांच्या मधे विटांची भिंत, वर चुन्याचा गिलावा. वाड्याचा भार खांबांवर असतो, भिंत नुसती आडोशाला. खांबाचा घाट सुरूच्या झाडाचा, बुडाशी भरदार आणि वर निमुळता. दोन खांबांच्या मधे महिरप आणि तिच्या टोकाला खाली लोंबणारं केळफूल. छत कडीपाटाचं : जवळजवळ टाकलेल्या कड्या, त्यांच्यावर फळ्या, त्यावर माती, म्हणून उन्हाळ्यात खोल्या गार. मग ती विचारते, "दोन खांबांमधल्या जागेला काय म्हणतात, माहीत आहे?" बहुधा कुणाला माहीत नसतं. ती सांगते, "खण. जुन्या कागदांत घर फुटांत नाही, खणांत मोजलेलं असतं."

आम्ही तीन खणांत राहतो. एवढी वर्षं राहतो आहोत, पण खण हे माप आहे याचा मी कधी विचार केला नव्हता. चोळीचा खण, टेबलाचा खण, घराचा खण. या घरात पहिल्यांदा आले तेव्हा सासूबाईंनी ओटीत खण घातला होता आणि राहायला तीन खण दिले होते. एकच शब्द इतकी कामं निमूटपणे करत राहतो आणि आपलं लक्ष जात नाही. ते लक्ष एका बावीस वर्षांच्या मुलीनं वेधलं, चौकात उभी राहून, परक्या माणसांशी बोलताना.

आमच्या ओसरीवर चार केळफुलं आहेत. मंडळी त्यांच्याकडे मोबाइल रोखतात, बोटांनी चित्र मोठं करून पाकळ्या बघतात. कारागिरी खरोखरच बघण्यासारखी आहे, एकावर एक सुटत गेलेल्या पाकळ्या, टोकाशी मिटलेला कोका. तिसऱ्या केळफुलाच्या देठाशी मात्र एक खाच आहे. बारीक, गुळगुळीत, गोल फिरलेली. ती कारागिराची नाही. ती माझ्या दोरीची आहे. पावसाळ्यात मुलांचे लंगोट वाळायचे कुठे? चौकात पाऊस, खोलीत स्टोव्हचा धूर. मग या केळफुलापासून त्या खुंटीपर्यंत दोरी. दोन मुलं, पाच-सहा पावसाळे. सागवान लाकूड, पण ओल्या दोरीनं त्यालाही काचलं. मी अजून जाता-येता त्या खाचेवरून बोट फिरवते.

या वाड्याची पहिली सहल मला सासूबाईंनी घडवली. १९८२ चा वैशाख. लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी, पाहुणे उठायच्या आत त्यांनी मला बोलावलं आणि दहा मिनिटांत वाडा दाखवला. त्यात एकही साल नव्हतं. कुणा सरदाराचं नाव नव्हतं. जिना भिंतीच्या पोटात आहे, दिवसाही काळोख असतो. सातवी पायरी आखूड आहे, मोजत उतरायचं. वरून सोडलेला दोर धरायचा, भिंतीला टेकायचं नाही, चुना साडीला लागतो. ही खुंटी सोवळ्याची, ही मामंजींच्या टोपीची. नळाला पाणी पहाटे साडेचारला येतं, आपला नंबर दुसरा. माडीवरच्या काकूंना दुपारी दोन ते चार हाक मारायची नाही, त्यांना अर्धशिशीचा त्रास आहे. कोपऱ्यातली ही अंधारी खोली बाळंतिणीची. "सध्या लाकडं भरली आहेत," सासूबाई म्हणाल्या, "वेळ आली की काढू." आणि पुढच्या खोलीकडे वळल्या.

वेळ दोन वर्षांनी आली. लाकडं निघाली, खोली सारवली गेली, कोनाड्यात पणती आली. त्या खोलीला एकच हातभर झरोका आहे. दुपारी त्यातून उन्हाची तिरीप यायची आणि बाळाच्या पाळण्यावरून सरकत सरकत भिंतीवर चढायची. घड्याळ बघायची गरज नसे. ती तिरीप कोनाड्याशी पोचली की दुपारचा नळ यायची वेळ.

आता रविवारी ती मुलगी चौकातून त्या खोलीकडे हात करते आणि म्हणते, "ही बहुधा बाळंतिणीची खोली असावी." बहुधा म्हणते ते मला आवडतं. ज्याची खात्री नाही ते ती ठासून सांगत नाही. आमचा वाडा कुठल्या सालातला हेही ती ठासून सांगत नाही. खांब उत्तर पेशवाईच्या वळणाचे, माडी मागाहून चढवलेली, कौलं मंगळुरी, म्हणजे अजून नंतरची. "एका वाड्यात शंभर-दीडशे वर्षं अशी एकावर एक बसलेली असतात," ती म्हणते. मी खिडकीत मान हलवते.

एकदा मंडळी निघाली तेव्हा ती मागे रेंगाळली. वर बघून म्हणाली, "मावशी, एकदा आमच्याबरोबर या ना. तुम्ही कायम वरून बघता." मला वाटलं होतं तिचं लक्ष नसतं. पुढच्या रविवारी गुडघ्याला पट्टा बांधून मी पावणेसातला शनिवारवाड्यासमोर हजर झाले.

शनिवारवाडा माझ्या घरापासून सात मिनिटांवर आहे. चाळीस वर्षांत मी आत किती वेळा गेले असेन? पाहुणे आले की. गावाकडचे पाहुणे बंद झाले तसं जाणंही बंद झालं. दिल्ली दरवाजाच्या फळ्यांवरचे ते अणकुचीदार खिळे मी त्या दिवशी पहिल्यांदा नीट पाहिले. हत्तीनं धडक दिलीच तर त्याच्या कपाळाच्या उंचीवर असावेत असे बसवलेले. पायाभरणी १० जानेवारी १७३० ला, वास्तुशांत २२ जानेवारी १७३२ ला, खर्च १६,११० रुपये. २७ फेब्रुवारी १८२८ ला आग लागली आणि आतला लाकडी पसारा जळून गेला. उरले तट, बुरूज, दरवाजे आणि जोती.

मंडळी कारंजाकडे गेली तेव्हा मी त्या जोत्यांवरून एकटीच हिंडले. वर काही नाही, नुसत्या दगडी रेघा. पण वाड्यात राहिलेल्या बाईला त्या रेघा कळतात. इथं पायरी चढते म्हणजे ओसरी. ही अरुंद पट्टी पडवी असणार. इथं मधे मोकळं आहे म्हणजे चौक. इथून आत उजेड कमी होत गेला असेल. कुठल्या तरी दाराशी उभं राहून कुणी तरी नव्या सुनेला सांगितलं असेल, इथं पाय जपून. तिला काय सांगितलं ते कुठल्याच बखरीत येत नाही.

पुढे नानावाडा. नाना फडणवीसांनी स्वतःसाठी बांधलेला, शनिवारवाड्याच्या अगदी शेजारी. आतल्या दिवाणखान्याचे सुरूचे खांब बघताना मी नकळत आमच्या खांबांशी ताडून बघायला लागले. त्यांचे मोठे आणि सुबक, आमचे धाकट्या भावासारखे. मग आमच्या वाड्यात मंडळी आली, आणि मी त्या दिंडीतून पाहुण्यासारखी वाकून आत शिरले. ती म्हणाली, "आता वर बघा." मी वर बघितलं. माझीच खिडकी, कठड्यावर माझीच तुळशीची कुंडी, दांडीवर कालची साडी. क्षणभर वाटलं, कुणाचं असेल हे घर? इथं राहणारी बाई कशी असेल?

मग कसबा गणपती, तांबडी जोगेश्वरी, पुढे मंडई. मंडई पूर्वी शनिवारवाड्यासमोरच्या पटांगणात भरायची. ही दगडी इमारत १८८६ सालची. रोज भाजीला जाते मी तिथं, पण मधल्या अष्टकोनी मनोऱ्याकडे बघायचं तर पिशवी खाली ठेवावी लागते, आणि ती आपण ठेवत नाही. पेठांची नावंही तिनं अशीच उलगडून दाखवली. सदाशिव पेठ म्हणजे पानिपतावर पडलेल्या सदाशिवरावभाऊंची आठवण, नारायण पेठ नारायणरावांची. पत्ता लिहिताना दोन्ही नावं हजार वेळा लिहिली असतील. एक रणांगणावर पडलेला आणि एक स्वतःच्या वाड्यात मारला गेलेला, अशा दोघांच्या नावांनी आपण पोस्टमनला वाट दाखवतो.

विश्रामबागवाड्याशी वॉक संपतो. दुसऱ्या बाजीरावानं १८०७ मध्ये बांधलेला, १८२१ मध्ये तिथं संस्कृत पाठशाळा भरू लागली, १८७९ मध्ये आगीत त्याचा भाग गेला. रस्त्याकडच्या सज्जाचं कोरीव काम बघायला समोरच्या फुटपाथवर जाऊन उभं राहायला हवं, तेही सकाळी, दुकानं उघडायच्या आत. एरवी त्या फुटपाथवर कुणाला थांबू देते गर्दी? या वाड्यात पोस्ट आहे. रस्त्यानं जाणारा माणूस सज्जा बघत नाही आणि पोस्टात आलेला माणूसही नाही. तो रांग बघतो. मला यात वाईट काही वाटत नाही. वाड्यात काही ना काही काम चालू आहे हे बरंच.

त्या दिवसापासून मी महिन्यातून एखाद्या रविवारी जाते. वेगवेगळ्या वाटांनी नेतात. एकदा फक्त पाण्याची वाट होती. नानासाहेब पेशव्यांच्या काळात कात्रजच्या तलावापासून शहरापर्यंत जमिनीखालून पाणी आणलं, माणूस आतून चालत जाईल एवढ्या बांधीव बोगद्यातून. वाटेत हवा खेळावी म्हणून ठिकठिकाणी उच्छ्वास. पाण्याचा हा बोगदाही श्वास घेतो असं समजून हा शब्द योजणारा माणूस कोण होता, कोण जाणे. पुढे हे पाणी हौदांत पडायचं. काळा हौद, सदाशिव पेठ हौद. हौद बुजले तरी बसथांब्यांवर आणि पत्त्यांत नावं टिकून आहेत.

हौदावरून आणखी एक सकाळ आठवते. गंज पेठेतला महात्मा फुल्यांचा वाडा. गंज पेठेला आता महात्मा फुल्यांचंच नाव आहे. साधं, बैठं, कौलारू घर. कोरीव महिरपी नाहीत, झुंबरं नाहीत. मोठ्या वाड्यांनंतर तिथं गेलं की पहिल्यांदा डोळे काही शोधत राहतात. मग ते हौदाशी येऊन थांबतात. १८६८ मध्ये जोतीरावांनी आपल्या घरचा पाण्याचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला तो इथं. ती मुलगी त्या दिवशी नेहमीपेक्षा कमी बोलली. एवढंच म्हणाली, "आपण आज खूप दारं बघितली. हे दार कुणाकुणासाठी उघडलं तेही बघा." मंडळी हौदाभोवती गप्प उभी राहिली.

मला घरचा कोनाडा आठवला. आमच्या पडवीत, मोरीच्या वर, एक लहान कोनाडा आहे, कमानीचा. मंडळी त्याचे फोटो काढतात. "इथं दिवा ठेवत असत," ती सांगते, आणि ते खरंही असेल. पण मी लग्न होऊन आले तेव्हा तिथं दिवा नसायचा. तिथं एक कानतुटका कप असायचा, पालथा घातलेला. भांडी घासायला येणाऱ्या बाईंचा. त्या यायच्या, कप उताणा करायच्या, सासूबाई वरून चहा ओतायच्या. चहा झाला की बाई कप स्वतः विसळून पुन्हा पालथा घालायच्या. सासूबाईंच्या त्या पहिल्या सहलीत हा कोनाडाही होता. "हा कप आपल्यात घ्यायचा नाही," त्या म्हणाल्या होत्या, सातवी पायरी आखूड आहे हे सांगितलं त्याच आवाजात. आणि मी मान हलवली होती, तशीच. सासूबाई मायाळू होत्या. त्या बाईंच्या मुलीच्या लग्नात त्यांनी स्वतःच्या पेटीतली साडी काढून दिली. तरी कप कोनाड्यातच राहिला. तो मी हलवला, पण सासूबाई गेल्यावर, म्हणजे नऊ वर्षांनी. नऊ वर्षं मी तो रोज बघत होते.

फुले वाड्यातून घरी येईपर्यंत हे मनातून गेलं नाही. पुढच्या रविवारी मंडळी आमच्या चौकात आली आणि तिनं कोनाड्याकडे हात केला, तेव्हा मी खिडकीतून खाली आले. जिना उतरायला मला आता वेळ लागतो; ती थांबली. मी सगळ्यांसमोर त्या कपाची गोष्ट सांगितली. सांगताना वाटलं होतं माझा आवाज कापेल, तो कापला नाही. एक मध्यमवयाचे गृहस्थ पुढे आले, कोनाड्यात हात घालून तळ चाचपला आणि म्हणाले, "माझी आजी अशा घरांत काम करायची." एवढंच बोलले. मी त्यांना वर चहाला बोलावलं. ते आले. आम्ही आमच्याच कपांतून चहा घेतला आणि फारसं काही बोललो नाही.

त्या रविवारपासून कोनाड्यापाशी आली की ती दिव्याबरोबर कपाचंही सांगते. मी नसले तरी सांगते. मंडळींमध्ये कुणी नाक मुरडतं, सकाळी सकाळी हे कशाला, असं. पण घर दाखवायचं तर सगळं दाखवावं. महिरप आपल्या पूर्वजांची आणि कप कुणाचा तरी, असं म्हणून चालत नाही.

बघायला येणाऱ्यांचंही एक वळण असतं, तेही शिकावं लागतं. सुरुवातीच्या दिवसांत एकदा एका पाहुण्यानं माडीच्या जिन्यावर चढून, न विचारता, आमच्या स्वयंपाकघराचा फोटो काढला. मी पोळ्या लाटत होते. दचकून मागे बघितलं तर दारात कॅमेरा. मी तेव्हा काही बोलले नाही, पण दिवसभर घास गोड लागला नाही. संध्याकाळी काकूंजवळ गेले तर त्या म्हणाल्या, "मुलगी बघायला आलेले लोकसुद्धा आधी निरोप पाठवायचे गं." मी हे त्या मुलीला सांगितलं. तिनं ऐकून घेतलं, वाद घातला नाही. आता आत शिरायच्या आधी ती दिंडीबाहेर सगळ्यांना थांबवते आणि सांगते, "इथं माणसं राहतात. फोटो विचारून काढायचा. कुणी दिसलं तर नमस्कार म्हणायचा." आणि खरंच, खालून पंधरा-वीस नमस्कार वर येतात. माझ्या हातातला चहा निवतो ते परत करता करता.

जे वाडे नाहीत ते ती दाखवते कसे, हेही बघण्यासारखं आहे. एखाद्या सहा मजली इमारतीसमोर थांबते, खाली पार्किंग, वर बाल्कन्यांत कपडे, आणि म्हणते, "इथं दोन चौकांचा वाडा होता." लोक त्या पार्किंगकडे बघत राहतात. १२ जुलै १९६१ ला पानशेत आणि खडकवासला ही धरणं फुटली आणि नदीकाठच्या पेठांत पाणी शिरलं, तेव्हा मातीत बांधलेल्या भिंती विरघळल्या. कितीतरी वाडे त्या एका दिवसात बसले. आमच्या ओसरीच्या दुसऱ्या पायरीपर्यंत पाणी आलं होतं, असं सासूबाई सांगायच्या आणि पायरीला पाय लावून दाखवायच्या. बाकीचे वाडे सावकाश गेले. १९४७ च्या कायद्यानं भाडी १९४० च्या पातळीवर बांधून ठेवली. आमचं भाडं मामंजींच्या वेळी साडेअकरा रुपये होतं, ते पुढे कितीही वाढलं तरी त्यात कौलं शाकारायला माणूस येत नाही. मालकांनी दुरुस्ती करायची कुठून? आणि भाडेकरूंनी का करायची, जागा आपली नसताना? दोघांचंही खरं, आणि मधे वाडा गळत राहिला. मुलं शिकली, कोथरूडला, सिंहगड रस्त्याला गेली. खोल्यांना कुलपं लागली.

पाडलेल्या वाड्याचं लाकूड भवानी पेठेत जातं, तिथून कुणाच्या फार्महाउसच्या दिवाणखान्यात. काही सुदैवी दारं राजा दिनकर केळकर संग्रहालयात उभी आहेत. ती बघायला गेले की मला आधी कडी बघावीशी वाटते. इतक्या हातांनी घासून ती आतून पातळ झालेली असते. भिडेवाडा मात्र त्याच जागी, आमच्या डोळ्यांसमोर खचत होता. १८४८ मध्ये जोतीराव-सावित्रीबाईंनी मुलींची शाळा काढली ती इथं. कोर्टात वर्षानुवर्षं गेली, आणि डिसेंबर २०२३ मध्ये स्मारकासाठी तो पाडला. मी त्याच्या शेवटच्या वर्षांत अनेकदा समोरून गेले, मोडक्या जिन्याकडे बघत. मुली त्याच पायऱ्या चढल्या असतील का, याचं उत्तर आता लाकूडही देणार नाही.

आणि आमचा वाडा? दर पावसाळ्याआधी दिंडीवर धोकादायक इमारतीची नोटीस लागते. नऊ बिऱ्हाडांतली चार उरली आहेत. मागची भिंत पोटाशी फुगली आहे, तिला तिरके टेकू दिले आहेत. गेल्या वर्षी पुनर्विकासाचे कागद आले. तीन सह्या झाल्या आहेत, चौथी माझी. मंडळींतले लोक मला हात जोडून म्हणतात, "मावशी, हा वाडा पडू देऊ नका." त्यांचा जीव तुटतो हे मला दिसतं, आणि तो खोटा नसतो. पण रात्री दोन वाजता छत्री घेऊन चौक ओलांडून संडासाला मला जावं लागतं. सातवी पायरी मला मोजावी लागते. चाळीस वर्षं ज्या घरावर प्रेम केलं ते बघणाऱ्यांसाठी राखून ठेव, असं कुणी कुणाला सांगू नये. ज्यांना वाडे टिकावेत असं मनापासून वाटतं त्यांनी ते टिकवायचा खर्च वाटून घ्यावा. शहरानं घ्यावा, सरकारनं घ्यावा. चौघी म्हाताऱ्यांच्या गुडघ्यांवर तो टाकू नये.

सही मी करणार आहे. हे मी त्या मुलीलाही सांगितलं. ती ओसरीच्या पायरीवर बसून राहिली बराच वेळ. मग तिनं पिशवीतून टेप काढली आणि म्हणाली, "मावशी, मोजून ठेवू का?" तेव्हापासून दर शनिवारी दुपारी ती येते. खण मोजते, खांबांचा घेर मोजते, केळफुलं कागदावर उतरवते. तिसऱ्याच्या देठाजवळची खाच मी तिला दाखवली, तीही तिनं काढली आणि बाजूला लिहिलं : लंगोटांची दोरी, १९८४ ते १९९०. सातवी पायरी दीड इंच आखूड निघाली. एवढी वर्षं आम्ही नुसतं आखूड म्हणत होतो.

हा पावसाळा तरी आम्ही इथं आहोत, बहुधा पुढची दिवाळीही. रविवारी सकाळी साडेसातला दिंडी उघडी असते. मी आता खिडकीत थांबत नाही, खाली चौकात येऊन उभी राहते. या. उंबरठा उंच आहे, पण पायाची काळजी तुम्ही घ्यालच. चौकट खाली आहे, तेव्हा डोकं जपा.